पोत्यांच्या थप्पीतला माईक

ज्या घरात एक माणूस सारखा बोलतो आणि बाकीच्यांना गप्प बसवतो, त्या घरात किस्से आपोआप साठतात. आमच्या घरात बोलणारी एकच, माझी नात शीतल. गप्प बसायचा हुकूम मला. सत्तरी उलटल्यावर मला गप्प बसवणारी ही पहिलीच.

मी चौथी शिकलो. शेती केली. धाराशिवकडच्या वाशीच्या बाजारात माझ्या मालाला नाव आहे. माझ्याबद्दल एवढं पुरे.

शीतल कॉलेज करून घरी आली ती कॉम्प्युटर घेऊन. त्यावर ती ट्रक चालवायचा गेम खेळते आणि खेळता खेळता आपल्या बोलीत बोलते. ते सगळं रेकॉर्ड होतं, लोक बघतात. ट्रक खोटा, रस्ता खोटा, ट्रकमधला माल खोटा. बघणारे तेवढे खरे.

रेकॉर्डिंगचं काम तिनं मला एकदाच समजावलं. स्क्रीनवर दोन हिरव्या पट्ट्या असतात. गेमचा आवाज आला की एक नाचते, माईकपुढं माणूस बोललं की दुसरी. दोन्ही नाचल्या पाहिजेत. इतकी साधी गोष्ट. कॉलेज शिकलेल्या माणसाला ती जमायला चार महिने लागले.

०००

पहिल्या दिवशी ती तासभर बोलली. घाट, वळण, टोलनाका, सगळं बोलून सांगितलं. मग आम्हा सगळ्यांना समोर बसवून रेकॉर्डिंग लावलं. तासभर नुसतं इंजिन. तिचा एक शब्द नाही.

झालं होतं असं, की आमच्या मंडळींनी सकाळी फडक्यानं माईक पुसला होता. पुसताना त्याचं बटण दाबलं गेलं आणि माईक बंद झाला. त्यावर लाल दिवा लागला होता. मंडळींना वाटलं, चालू झाला.

शीतल रडकुंडीला आली. शेजारचे रशीदभाई तिथंच बसले होते. त्यांनी उभा जन्म सोलापूर-हैदराबाद ट्रक चालवला. ते म्हणाले, "पोरी, बरं झालं. बडबड्या ड्रायव्हर कुठल्याच मालकाला आवडत न्हाय."

०००

दुसऱ्या वेळी उलटं झालं. शीतलनं सुरुवातीचं एक मिनिट तपासलं. दोन्ही आवाज ठीक होते. म्हणून तिनं पुढचं न ऐकता व्हिडिओ लोकांपुढं टाकून दिला.

पण ते एक मिनिट झाल्यावर तिनं हेडफोन लावला होता. हेडफोन लावल्याबरोबर गेमचा आवाज त्याच्यात गेला, आणि रेकॉर्डिंग स्पीकरकडंच कान लावून बसलं. ट्रक मुका झाला. माईक मात्र इमानदार. शीतलचं "सरक की बाबा, सरक" त्यानं घेतलं, आणि तिच्या मागं स्वयंपाकघरात मंडळी सुनेला काय सांगत होत्या तेही घेतलं.

मंडळी सांगत होत्या, "विहीणबाईच्या हाताला चव म्हणून न्हाय. पुरणात वेलदोडा घालायचा असतो, हे तिला कुणी सांगावं?"

विहीणबाई म्हणजे शीतलच्या थोरल्या बहिणीची सासू. राहायला तुळजापूरला. सुनेच्या बहिणीचे व्हिडिओ त्या कौतुकानं बघतात.

आठ दिवसांनी तुळजापूरहून एक डबा आला. डब्यात गच्च भरून वेलदोडे. चिठ्ठी नव्हती.

०००

रशीदभाई रोज चारच्या सुमारास येतात, शीतलच्या मागं खाटेवर बसतात आणि तिच्या ड्रायव्हिंगला नावं ठेवतात.

एकदा म्हणाले, "गिअर उशिरा टाकलीस. इंजिन कसं रडतंय बघ. आवाजावरनं कळायला पायजे."

शीतलनं हेडफोन काढला. "चाचा, आवाज तर माझ्या कानात हाय. तुमाला कुठून आला?"

खरोखर खोलीत काहीच आवाज नव्हता. रशीदभाईंना कानानं कमी येतं हे सगळ्या गल्लीला माहीत आहे. पण ते डगमगले नाहीत.

"शिकाऊ माणूस कानानं ऐकतो," ते म्हणाले, "ड्रायव्हर पायानं."

शीतलनं तो तुकडा पुन्हा लावून बघितला. गिअर उशिराच पडला होता.

०००

मग आवाज घुमायला लागला. खोलीवर पत्रा, भिंती उघड्या. शीतल एक शब्द बोलली की माईक दोन घ्यायचा. तिनं भिंतीला गोधड्या टांगून बघितल्या. फरक पडला नाही.

मी तिला म्हणालो, "कोठीत बस."

आमच्या कोठीत सोयाबीनची पोती होती. भरल्या गोदामात माणसानं बोंब मारली तरी ती दारापर्यंत जात नाही, हे मी बाजारात आयुष्यभर बघितलंय. मी आणि माझा मुलगा दत्ता, आम्ही तीन बाजूंनी पोत्यांची थप्पी रचली, पार डोक्याच्या वर. मधे टेबल. चौथ्या बाजूला दार. दाराशी खुर्ची टाकून मी. आत कुणी जायचं नाही, बाहेर कुणी बोलायचं नाही.

आवाज असा झाला की शीतल स्वतःच दोनदा ऐकत बसली. बघणाऱ्यांतल्या एकानं लिहिलं, "ताई, भिंतीला कुठला फोम लावलाय?"

तिनं उत्तर दिलं, "सोयाबीन."

त्यानं पुन्हा विचारलं, "ऑनलाइन मिळतो का?"

०००

सोयाबीनवरून एक जुनी गोष्ट. ती रशीदभाईच सगळ्यांना सांगतात, कारण त्या दिवशी माल त्यांच्याच ट्रकमध्ये होता.

वाशीच्या आडतीत व्यापाऱ्यानं माझ्या पोत्यात कोपरापर्यंत हात घातला आणि म्हणाला, "आप्पा, माल जरा ओला लागतोय." ओला म्हटलं की भाव पाडता येतो. ती त्यांची रीत आहे.

मी एक दाणा दाढेखाली धरला. म्हणालो, "शेट, गप्प राहा आणि ऐका."

कट्ट.

सगळी आडत थांबली होती. ओला दाणा दबतो, वाळलेला फुटतो. शेटनं मुकाट्यानं पूर्ण भाव लावला. तेव्हापासून माझ्या मालाला ओला म्हणणारा बाजारात कुणी झाला नाही.

०००

आता शेवटचं.

पुण्याच्या एका कंपनीनं शीतलचे व्हिडिओ बघितले. त्यांना गेमवर मराठीत बोलणारं माणूस हवं होतं. पगार महिन्याचा, काम घरी बसून. त्यांनी नमुना मागितला. गेमचा आवाज वेगळा, माईकचा वेगळा, दोन्ही स्वच्छ, शुक्रवारी संध्याकाळपर्यंत. दत्ता शीतलला आधीच बोलला होता, हे काम झालं तर ठीक, नाहीतर आलेलं स्थळ बघायचं आणि कॉम्प्युटर काढून टाकायचा.

नेमका त्याच आठवड्यात सोयाबीनचा भाव वर गेला. दत्तानं व्यापाऱ्याला निरोप दिला, शुक्रवारी दुपारी माल उचला.

शीतल म्हणाली, "पप्पा, दोन दिवस थांबा की. पोती गेली की आवाज घुमतो."

"भाव तुझ्या गेमसाठी थांबतो व्हय?" दत्ता म्हणाला.

तिनं माझ्याकडं बघितलं. मी म्हणालो, "माल इकायसाठी पिकवायचा असतो. भिंत करायसाठी न्हाय."

ती उठून कोठीत गेली. गुरुवारी तिनं दोनदा रेकॉर्डिंग केलं. एकदा वीज गेली, एकदा शब्द अडखळले.

शुक्रवारी दुपारी दत्ता कामाला धाराशिवला गेला होता. शीतल आत, कानाला हेडफोन, रेकॉर्डिंग चालू. मी दाराशी खुर्चीवर. तिथून पट्ट्या दिसत होत्या. दोन्ही नाचत होत्या. पोरगी अशी बोलत होती की मला त्या खोट्या रस्त्यावर धूळ उडालेली दिसली.

तेवढ्यात टेंपो आला. बरोबर दोन हमाल, आणि तोच शेट. आता त्याचेही केस पिकलेत.

"आप्पा, उचलू का माल?"

मी खुर्चीवरून उठलो. दारात आडवा उभा राहिलो.

"सोमवारी या," मी हळू म्हणालो.

"का हो? दत्तानं आजचं सांगितलंय. भाव आजचा हाय."

"माल ओला हाय."

शेट माझ्याकडं बघत राहिला. "तुमचा माल ओला?"

"व्हय. ओला हाय."

दाराजवळच्या पोत्याला छोटं भोक होतं. शेटनं वाकून त्यातून एक दाणा काढला. निरखला. मग माझ्याकडं बघत तोंडात टाकला आणि चावला.

कट्ट.

हमाल आमच्याकडं बघायला लागले. आत शीतल घाट उतरत होती.

शेटनं खिशातून रुमाल काढून तोंड पुसलं. "लई ओला हाय," तो म्हणाला, आणि टेंपोत जाऊन बसला.

सोमवारी भाव काय होता, ते दत्ताला विचारू नका. मी त्याला एवढंच सांगितलं, की शुक्रवारी टेंपो आलाच नाही.

आठ दिवसांनी रात्रीची जेवणं चालली होती. पुण्याहून शीतलच्या फोनवर पत्र आलं. ती वाचून दाखवायला लागली. काम मिळालं होतं. मंडळींनी देवापुढं साखर ठेवली. दत्ता पहिल्यांदा हसला.

"अजून एक लिहिलंय," शीतल म्हणाली आणि वाचू लागली. "दोन्ही आवाज स्वच्छ आहेत. फक्त माईकच्या आवाजात एका ठिकाणी, तुमच्या मागं, एक वयस्कर गृहस्थ कुणाला तरी दोनदा 'ओला हाय' असं सांगतात. त्यानंतर काहीतरी कट्ट करून फुटतं. ते काय आहे?"

दत्ताचा घास हातातच राहिला. त्यानं माझ्याकडं बघितलं. मग सगळ्यांनीच बघितलं.

मी मंडळींना म्हणालो, "अर्धी भाकरी वाढा."