भोंग्याची तिसरी हाक

दिवाणी न्यायालयाच्या व्हरांड्यात उभा राहून पक्षकारांना आत बोलावणारा शिपाई भोंगा या नावानेच ओळखला जाई. पुकारा म्हणजे तीन हाका. तिसऱ्या हाकेलाही माणूस आला नाही, की तो गैरहजर. भोंग्याची पहिली हाकच फाटकाबाहेरच्या चहावाल्यापर्यंत पोचत असे. वकील कुरकुरत, "या माणसानं आमची तारीख बुडवायची सोय ठेवली नाही."

त्या दिवशीच्या कामकाजात त्याच्या धाकट्या बहिणीचा दावा होता. तिचे अंगण आणि शेजारच्या मिस्त्रींची सुतारकामाची शेड, यांमधल्या हद्दीचे हे भांडण. कोर्टाने मोजणी करून घेतली, तेव्हा रेषा नेमकी मिस्त्रींच्या रंधा मारायच्या बाकावरून गेली आणि अर्धी शेड बहिणीच्या बाजूला आली. मोजणी भलत्याच दगडापासून धरली, अशी मिस्त्रींची हरकत होती. ती आज ऐकली जायची होती. हरकत टिकली नाही, तर शेड उतरवावी लागणार होती.

आदल्या संध्याकाळी बहीण त्याच्याकडे येऊन बसली.

"दादा, उद्या जरा घसा बसू दे तुझा."

"घसा काय माझ्या मर्जीनं बसतो?"

"मिस्त्रींचे कान करवतीनं कधीच गेलेत. तू खोटं काही करू नकोस. नेहमीसारखा कोकलू नकोस, एवढंच."

"तुझ्या पोरांचा पाळणा त्यांनीच केलाय."

"केला ना. मग पाळण्याच्या बदल्यात अंगण देऊन टाकू?"

आपण काहीच कबूल केलेले नाही, अशी त्याने स्वतःची समजूत घातली; त्याने कबूल केले, असे धरून ती घरी गेली.

सकाळी मिस्त्री कोर्टाच्या आवारातल्या नळाजवळच्या बाकावर येऊन टेकले. त्यांचे वकील दुसऱ्या कोर्टात अडकले होते.

"आतल्या गलक्यात मला काही उमगत नाही," ते भोंग्याला म्हणाले. "इथंच बसतो. तुमची हाक मात्र येते हो. तेवढा एकच आवाज आता धड ऐकू येतो."

दावा निघाला. भोंगा व्हरांड्यात आला. त्याने छाती भरून घेतली, निदान घेतली असे त्याला वाटले, आणि पहिली हाक दिली. मिस्त्री सदऱ्याच्या टोकाने चष्मा पुसत होते. त्याने दुसरी हाक दिली. चहावाल्याने मान वर केली नाही, हे त्याला दिसले. आजवर कितीदा तरी तो पायऱ्या उतरून एखाद्या म्हातारीला दंडाला धरून आत घेऊन आला होता. पायऱ्या त्याच होत्या. त्याने तिसरी हाक दिली आणि तो वळला.

"हरकतदार गैरहजर. मोजणीचा नकाशा कायम," साहेबांनी सांगितले आणि पुढचे प्रकरण हातात घेतले.

बाहेर पडताना बहिणीने हळूच त्याचा हात दाबला.

"मी काही केलेलं नाही," तो म्हणाला. "रोजच्यासारखंच पुकारलं."

"माहीत आहे रे," असे म्हणून ती हसली.

खरे काय घडले, हे त्याला स्वतःलाही छातीठोकपणे सांगता आले नसते.

दुपारच्या सुट्टीत मिस्त्री पायऱ्यांशी आले. "आज फारच रेंगाळलंय काम. माझा पुकारा केव्हा व्हायचा?"

"झाला," भोंगा म्हणाला.

"काय?"

"झाला तुमचा."

मिस्त्रींनी कानामागे तळहात धरला. "असं पुटपुटू नका हो. तुम्हीच पुटपुटायला लागलात, तर मी ऐकायचं कुणाचं?"

"पुकारा झाला, मिस्त्री."

या वेळी आवाज भरदार आणि स्वच्छ निघाला. फाटकाबाहेरच्या चहावाल्याने मान वर करून पाहिले.