जगाचं भारनियमन

वीज खात्यात तारा आणि खांब सांभाळण्यात माझी सगळी नोकरी सरली. उजेड गेला की लोक आधी मला शिव्या घालत आणि मग मेणबत्ती शोधत. अशा माणसाला काजव्यांचं वेड लागावं यात नवल नाही. त्यांच्या विझण्याबद्दल कोणी तक्रार करत नाही.

बाभुळगावकडे माझी सासुरवाडी. मृगाच्या सुमारास तिथल्या बांधावरच्या एका झाडाला इतके काजवे लागतात की खालची मातीसुद्धा दिसते. मला माझा सिद्धांत तिथेच सुचला. थोडक्यात सांगतो, लांबण लावली की माझं काय होतं ते पुढे येईलच. सगळं जग एकाच वेळी चालू ठेवण्याइतकी वीज विश्वाकडे नाही. म्हणून ते एकेक भाग आळीपाळीने बंद ठेवतं, इतक्या झटकन की आपल्याला पत्ताही लागत नाही. जिथे जग बंद असतं तिथे वास्तवाचं कापड विरतं आणि पलीकडचा उजेड झिरपतो. काजवा नेमका त्या विरलेल्या जागी बसलेला असतो. उजेड त्याचा नाहीच.

काजव्याच्या पोटात रसायनं असतात हे मीही वाचलंय. मला ते पुरत नाही, काय करू? स्वभावच हेकट. मुलाने फोनवर बजावलं, "बाबा, हे कोणाला सांगू नका." बायकोने मात्र कधी एका शब्दाने हिणवलं नाही. दरवर्षी ती माझ्यासोबत त्या झाडापाशी यायची, डोक्यावर पदर घेऊन बराच वेळ उभी राहायची आणि विचारायची, "पलीकडं कोनी राह्यते का हो?" मी म्हणायचो, अजून तिथवर पोचलो नाही.

गेल्या गणपतीत यवतमाळच्या आमच्या लेआउटच्या, म्हणजे वसाहतीच्या मंडळाचा अध्यक्ष घरी आला. "काका, तुमचं ते जुगनूचं होऊन जाऊ द्या एकदा स्टेजवर." मी हुरळलो. हुरळली मेंढी लांडग्याच्या मागे लागली, ती ही. बायकोने कडक इस्त्रीचा सदरा काढून दिला आणि स्वतः पहिल्या रांगेत जाऊन बसली.

माझ्या आधी एक जण कोंबड्यांचे आवाज काढून गेला, तेव्हाच मला कळायला हवं होतं. कार्यक्रम हास्याचा होता. मी "उपस्थित विज्ञानप्रेमींनो" म्हणालो आणि मांडवात खसखस पिकली. "जगाचंही भारनियमन असतं" म्हणालो आणि टाळ्या पडल्या. मागून एक म्हातारबा बोलले, "मंग बिल पुरं काहून येते?"

मी थट्टा करत नाही, एवढंच तेव्हा सांगता आलं असतं. लोक फार तर उठून गेले असते. पण मी पाण्यासाठी इकडेतिकडे पाहिलं, आणि मला वाटलं, आपलं हसं होण्यापेक्षा आपणच हसवलेलं बरं. मी माईक जवळ ओढला. "आमची बायको म्हनते, जगाचं सोडा, तुमच्याच डोक्यात भारनियमन हाय."

मांडव कोसळायचाच बाकी राहिला. लोक माना उंचावून तिला पाहू लागले. ती हसली नाही. पिशवीतून तिने माझी पाण्याची बाटली काढली आणि मांडीवर धरून बसली.

मला शाल आणि नारळ मिळाला. घरी चालत येताना ती म्हणाली, "मी असं कवा म्हटलं?"

"अगं, गंमत होती."

"गंमत तं तुमची होती. माझं नाव कायले घेतलं?"

मला लाज वाटली. लोक हसले म्हणून नाही, लोकांचं ऐकून घ्यायची नोकरीत सवय झाली होती. माझ्यावर न हसणारं एकच माणूस होतं, आणि मी त्याच्याच तोंडी ते हसू घातलं.

आता हळदीकुंकवाला बायका तिला विचारतात, "काय म्हनते साहेबाच्या डोक्यातलं भारनियमन?" सगळ्या तिला हजरजबाबी समजतात. आपण असं म्हटलंच नव्हतं, हे ती एकदाही सांगत नाही. सांगितलं तर मी खोटा पडेन, हे तिला कळतं. ते मला जास्त लागतं.

यंदा मृग लागला तसं मी म्हटलं, "चल, झाड पाहून येऊ." ती तांदूळ निवडत होती.

"तुमी या जाऊन," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. "मी काय म्हटलं ते तुमीच सांगून द्या लोकायले."

मी एकटाच गेलो. झाड होतं, काजवेही भरपूर होते. पलीकडे कोणी राहतं का, हे मात्र कोणी विचारलं नाही.