देवळाकडचं टोक

दारूच्या दुकानांच्या परवान्यांचे दावे मी चालवते, हे सदाशिव पेठेतल्या माझ्या सासरी अजूनही हळू आवाजात सांगितलं जातं. "ती सरकारी लिलावांचं काम बघते," असं सासूबाई पाहुण्यांना सांगतात. ते खोटं नाही. लिलावात परवाना एकाला मिळतो, दुसऱ्याचा हुकतो, आणि हुकलेला माणूस दुसऱ्याच दिवशी नियमांचं पुस्तक उघडून बसतो. तिथून माझं काम सुरू होतं. त्या कामात मी चांगली आहे. विनय बाजूला ठेवून सांगायचं तर फारच चांगली आहे.

अंतराचे दावे ही माझी खासियत. दुकान देवळापासून, शाळेपासून ठरावीक अंतरावर हवं, आणि ते अंतर माणूस चालत जातो त्या वाटेनं मोजायचं. बाकीचे वकील नकाशावर बोट ठेवून भांडतात. मी टेप घेऊन रस्त्यावर उतरते. एकदा नारायण पेठेत अशीच वाकून मोजत होते, तेव्हा एका दुकानदारानं विचारलं, "रस्ता घरी नेणार आहात का? मग खड्ड्यांसकट न्या."

हा दावा शनिवार पेठेतल्या एका दुकानाचा. आधीच्या मालकानं अटी मोडल्या म्हणून त्याचा परवाना सरकारनं लिलावात काढला आणि सगळ्यांत मोठी बोली लागली माझ्या पक्षकार बाईंची. त्या शहराच्या हद्दीत आलेल्या एका गावच्या. नवरा गेलेला, शेत बिल्डरकडे गेलेलं, आणि जे हाती आलं ते सगळं त्यांनी या एका बोलीवर लावलेलं. दुसऱ्या नंबरच्या बोलीवाल्यानं हरकत घेतली, की गल्लीतलं गणपतीचं देऊळ दुकानापासून फार जवळ आहे. हरकत टिकली असती तर परवाना त्याला जाणार होता. त्याची जागा दुसऱ्या गल्लीत तयारच होती.

पंचनाम्यात अंतर नियमापेक्षा सरळ अकरा मीटर कमी भरलं होतं. माझ्या टेपवर ते पुरेसं होतं. कागद उलटसुलट वाचताना माझी नजर मोजणीच्या तारखेवर गेली आणि मला हसू फुटलं.

"बाई, हसताय काय? हितं माझा जीव चाललाय," पक्षकार म्हणाल्या.

मोजणी गणेशोत्सवाच्या दहा दिवसांत झाली होती.

सुनावणीत मी पंचांना प्रश्न विचारायची परवानगी घेतली. पंच म्हणजे त्या देवळाच्या मंडळाचे सत्तरी ओलांडलेले जुने कार्यकर्ते. पांढरा शर्ट, कडक इस्त्री.

"काका, मोजताना टेपचं देवळाकडचं टोक आपण कुठे धरलंत?"

"बाप्पासमोर."

"आणि बाप्पा कुठे होते?"

"कुठे असणार? मांडवात." पत्ता विचारणाऱ्याकडे बघावं तसं त्यांनी माझ्याकडे बघितलं. "उत्सवात मूर्ती मांडवात असते. रिकाम्या देवळात जाऊन काय मोजायचं?"

मांडव अर्थातच रस्त्यात, देवळाच्या बराच अलीकडे, दुकानाच्या बाजूला. सुनावणी घेणारे साहेबसुद्धा हसले. काका हसले नाहीत.

"हसा," ते म्हणाले. "माझा मुलगा दारूनं गेला, साहेब. त्या गल्लीत दुकान नको म्हणूनच मी पंच व्हायला तयार झालो. पण माप खोटं दिलेलं नाही. देव जिथे होता तिथून दिलं."

मला खरं तर तिथेच थांबायला हवं होतं. पण जिंकत असताना मला थांबता येत नाही. मी म्हणाले, "फेरमोजणी व्हावी, आणि देवळाकडचं टोक यांनीच धरावं. हे दाखवतील ती जागा आम्हाला मान्य." साहेबांनी ते लिहून घेतलं, मी ऐटीत सही केली.

बाहेर आल्यावर पक्षकार बाई म्हणाल्या, "त्येंच्याच हातात दिलंत व्हय?"

"निर्धास्त राहा," मी म्हणाले.

फेरमोजणीच्या आदल्या दिवशी मी सहज पुन्हा गल्लीत गेले आणि पहिल्यांदाच देवळाच्या पायऱ्या नीट पाहिल्या. चार पायऱ्या, गल्लीत पुढे आलेल्या. उंबरठ्यापासून मोजलं तर अंतर नियमापेक्षा हातभर जास्त भरत होतं. खालच्या पायरीपासून मोजलं तर तेवढंच कमी. माझं टोक नेहमी उंबरठ्यावर असायचं, पायऱ्या कधी हिशेबात धरल्याच नव्हत्या. आता जागा दाखवायची होती काकांनी, आणि ती मान्य असल्याचं मी लिहून दिलं होतं. घरी जेवणही गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी दुकानाच्या दाराशी खात्याचा माणूस टेप धरून उभा. हरकतदार हात बांधून उभा. पक्षकार बाई पदराचं टोक पिळत होत्या. काका टेपचं दुसरं टोक घेऊन देवळाशी आले आणि खालच्या पायरीशी थांबले. हरकतदार म्हणाला, "इथेच काका, इथेच धरा." ते दाखवतील ती जागा मान्य, या कागदावर सही माझीच होती.

काकांनी चपला काढल्या. एकेक पायरी चढून वर गेले, गुडघा टेकून वाकले आणि टेपचं टोक उंबरठ्यावर दाबून धरलं. "बाप्पा आता आत आहेत. घ्या आकडा," ते म्हणाले.

अंतर हातभर जास्त भरलं. पक्षकार बाई रडायला लागल्या. हरकतदार तावातावानं निघून गेला. सह्या झाल्यावर काका पायरीवर बसून चपला घालत होते. मी आभार मानायला जवळ गेले.

त्यांनीच विचारलं, "खालच्या पायरीला टोक लावलं असतं तर काय केलं असतंत?"

"काहीच नाही. हरले असते."

"ठाऊक होतं मला," ते म्हणाले, आणि गुडघ्यावर हात देऊन उठले.