दाराशी उभा राहिलेला कैदी

वर्णन येणेप्रमाणे. स्त्री, वय एकोणपन्नास, उंची बेताची, चष्मा दुहेरी भिंगाचा, खांद्यावर बारमाही शाल, कारण खोलीतला एसी कोणाच्या बापाचं ऐकत नाही. सिद्ध झालेले गुन्हे: चोऱ्या चार हजार एकशे बारा, पैकी तीन हजारांवर पावाच्या, घरफोड्या सहाशे चाळीस, खून दोनशे सात, त्यांतले एकशे नव्वद एकाच लोहाराचे. तुरुंगातून पलायन, एकशे तीन वेळा. पश्चात्ताप आढळून आला नाही. सदर व्यक्ती रोज सकाळी सव्वानऊला आपण होऊन हजर होते आणि संध्याकाळी सहाला सही करून घरी जाते.

ऑफिसात तिला सगळे मावशी म्हणतात. व्हिडिओ गेम बनवणाऱ्या कंपनीत ती टेस्टर आहे, म्हणजे गिऱ्हाइकाआधी खेळ खेळून त्यातल्या खोटी शोधायच्या. हा खेळ तलवारी, जादू आणि किल्ल्यांचा. ड्रॅगन दुसऱ्या खोलीतल्या लोकांकडे होता. मावशीच्या वाट्याला कायदा आणि सुव्यवस्था आली होती.

हा कायदा तिला तोंडपाठ होता. खेळात प्रत्येक वस्तूला मालक असतो, अगदी चमच्यालासुद्धा. कोणाच्या डोळ्यांदेखत वस्तू उचलली तर गुन्हा. सगळ्यांची पाठ असताना उचलली तर काही घडलंच नाही. साक्षीदार शिपायाकडे धावत सुटतो. तो पोचायच्या आत त्याला आडवा केला की जुना गुन्हा मिटतो, आणि नव्या गुन्ह्याला साक्षीदार उरत नाही. वेस ओलांडली की पलीकडच्या शिपायाला तुमचं नावही ठाऊक नसतं. पकडले गेलात तर तीन वाटा: दंड भरा, आत जा, नाहीतर तलवार काढा. पावाला एक दिवस, खुनाला सात. गावप्रमुखाच्या हंसाला लाथ मारली तरी सातच, कारण हंस चुकून नागरिकांच्या यादीत चढला आणि त्याला उतरवायला कोणाला सवड झाली नाही.

ऑफिसातला कायदा याहून कडक होता. खोट सापडली की लेखी नोंद करायची आणि मागितली तर डोळ्यांसमोर पुन्हा घडवून दाखवायची. नाही घडली, तर नोंदीवर शेरा पडे: ‘पुन्हा घडत नाही.’ सहा महिन्यांत असे तीन शेरे पडले की करार वाढत नाही. नियम टीमच्या प्रमुखाने केला होता. तसा तो वाईट माणूस नव्हता. पूर्वी एका टेस्टरने ‘खेळ उदास वाटतो’ अशी नोंद अकरा वेळा केली, तेव्हा त्याचा संयम संपला होता.

मावशीच्या नावावर दोन शेरे होते. करार महिनाअखेरीला संपत होता. एकोणपन्नासाव्या वर्षी, पावचोरीचा अनुभव घेऊन, दुसरीकडे नोकरी मागायला जायची तिची तयारी नव्हती.

गुरुवारी तिला ती खोट सापडली. तुरुंगात गेलेला प्रत्येक खेळाडू एकच गोष्ट करतो: खाटेवर झोपायचं बटण दाबतो. सात दिवस चार सेकंदांत सरतात. टेस्टरही तेच करत आले होते. मावशीला वाटलं, एखादा तरी शिक्षा जागून काढेलच. खेळातला एक दिवस आपल्या चोवीस मिनिटांचा. सात दिवस म्हणजे दोन तास अठ्ठेचाळीस मिनिटं. तिने लोहाराचा खून केला, शिपायाच्या हवाली झाली आणि ठरवून जागी राहिली. सातवा दिवस संपला, जेलर आला, कुलूप काढलं, दार उघडलं आणि ओरडला, “थांब! पळतोस कुठे?” शिक्षेत सात दिवसांची भर, गुन्हा पलायनाचा, साक्षीदार स्वतः जेलर.

तिने नोंद केली. शुक्रवारी सकाळी प्रमुख आणि तुरुंगाचा भाग लिहिणारा प्रोग्रामर तिच्या खुर्चीमागे येऊन उभे राहिले. सोमवारी खेळ बाजारात जायचा होता आणि खोटींची यादी त्या दिवशी पाचला बंद व्हायची होती.

“मावशी, मी तीनदा करून पाहिलं,” प्रोग्रामर म्हणाला. “तिन्ही वेळा सुटलो.”

“झोपून?”

“मग काय जागून?”

“मी तेच लिहिलंय ना वर. वाचता येतं का तुला, नुसतंच लिहिता येतं?”

प्रमुख हसला नाही. “दाखवा.”

दहाला ती आत गेली. एक दिवसाची शिक्षा असती तर बरं झालं असतं, पण त्या कोठडीचं दार आपोआप उघडतं. किल्ली घेऊन जेलर येतो तो फक्त सात दिवसांवाल्याकडे. तुरुंगात खेळ मध्येच साठवून ठेवायची सोय नाही, तिथून पुन्हा सुरुवात करता येत नाही. शिवाय दोन मिनिटं हात हलला नाही तर कैदी आपोआप झोपतो. म्हणून तिने दोन तास अठ्ठेचाळीस मिनिटं खेळाच्या नियंत्रकावर अंगठा हलवत ठेवला. प्रमुख मीटिंगा उरकून बारा चाळीसला परत आला. त्याच्यासमोर कैदी येरझाऱ्या घालतोय हे बरं दिसेना, म्हणून तिने त्याला नीट खाटेवर बसवला आणि नुसती मान इकडेतिकडे फिरवत राहिली.

बारा अठ्ठेचाळीसला जेलर आला. दार उघडलं. तलवार, बूट, थैली परत दिली. म्हणाला, “जा. पुन्हा तोंड दाखवू नकोस.”

कैदी चालत चालत बाजारात गेला. प्रोग्रामरने तिच्या पडद्याकडे पाहायचं टाळलं, हा त्याचा चांगुलपणा.

“काल झालं होतं,” मावशी म्हणाली.

“झालं असेल,” प्रमुख म्हणाला. “यादी पाचला बंद होईल. तोवर उघडी ठेवतो. नंतर मात्र मला शेरा मारावा लागेल. नियम तुमच्यासाठी वेगळा नाही करता येत, मावशी.”

आणखी एक प्रयत्न करायचा तर दोन बाराच्या आत कोठडीत जायला हवं होतं. ती जिन्यात जाऊन बसली आणि वडिलांना फोन लावला. आप्पा एकतीस वर्षं तुरुंगात होते, गजांच्या बाहेरच्या अंगाला, वॉर्डर म्हणून. लेक कॉम्प्युटरवर कुठल्याशा तुरुंगाचं काम बघते एवढं त्यांना ठाऊक होतं, आणि खातं तेच आहे असा त्यांचा समज होता.

“आप्पा, एक विचारते. सुटायच्या दिवशी कैदी काय करतो?”

“सुटतो.”

“अहो, त्याच्या आधी!”

“आधी कोण सोडतंय त्याला?” आप्पांनी खाकरून घेतलं. “जेवलीस का?”

“जेवीन. सांगा ना. किल्ली घेऊन तुम्ही यायचात तेव्हा तो काय करत असायचा?”

“काय करणार? दाराशी उभा. नाक गजांत. आम्ही सांगायचो, बाबा रे, बस जरा, मागे हो, दार आतल्या बाजूला उघडतं, कपाळमोक्ष होईल. ऐकतात होय? पहाटेपासून उभे. तुमच्याकडचे काय करतात?”

मावशी जिन्यावरून उठून उभी राहिली. गुरुवारी तिला कंटाळा आला होता. शेवटच्या दिवशी तिने कैद्याला दाराला भिडवून ठेवला होता, जेलर येतोय का ते बघत. आणि आज साहेबलोक मागे उभे, म्हणून शहाण्यासारखा खाटेवर बसवला.

“पोरी? आहेस का?”

“आहे. आप्पा, तुमचे सगळेच उभे राहायचे?”

“एक नव्हता राहिला. त्याला घरीच जायचं नव्हतं.”

दीडला तिने लोहाराला एकशे एक्क्याण्णवाव्यांदा मारला. पण शिपाई येईना. बघते तर बाजारात त्या क्षणी सगळ्यांची पाठ होती. तिने घड्याळ पाहिलं. चौकात जाऊन तिने हंसाला लाथ घातली, अख्ख्या गावासमोर. शिपाई चार दिशांनी धावत आले. एक सत्तावन्नला कोठडीचं दार तिच्यामागे बंद झालं. हिशेब सोपा होता: सुटका चार पंचेचाळीसला. हाताशी पंधरा मिनिटं.

शेजारच्या टेबलावर नकाशे तपासणारी बाई बसते. डोंगरातून आरपार जाता येतं का हे पाहायला ती दिवसभर भिंतींना धडका देते. तिने वाकून पाहिलं.

“पुन्हा आत?”

“हंस.”

“बरं केलंत. मला तो कधीच आवडला नाही.”

तीन वाजता कैद्याचा तिसरा दिवस चालू होता. मावशीने अंगठा बदलला. सव्वातीनला तिला बाथरूमला जायची गरज वाटली, साडेतीनला ती गरज पटली, पण उठायचं म्हणजे कोणाच्या तरी हातात कैदी द्यायचा, आणि तिने कोणाला दिला नाही. तिने पाय एकमेकांत गुंतवले आणि शाल आवळून घेतली.

चारला मशिनवाला आला. सगळ्या मशीनवर शेवटची आवृत्ती चढवायचं काम त्याच्याकडे होतं.

“मावशी, बंद करा. रीस्टार्ट.”

“पावणेपाचला कर.”

“सगळ्यांची सव्वाचारला करायचीत. वरून ऑर्डर आहे.”

“माझा कैदी सहाव्या दिवसात आहे रे.”

“मग नव्या आवृत्तीत पुन्हा टाका आत. कुठे पळून जातोय?”

“पळून जातोय असं म्हणूनच तर त्याला अडकवणार आहेत!” तिचा आवाज चढला. दोन टेबलांवरची डोकी वळली. पडद्यावरची तिची नजर मात्र हलली नाही, अंगठाही नाही. ती हळू आवाजात म्हणाली, “हे बघ, बाबा. तू आता ही वायर काढलीस की माझा तिसरा शेरा पडतो. मग पुढच्या महिन्यात तू इथे असशील, मी नसेन. काढायची तर काढ. मी काही उठून तुझा हात धरणार नाही. मला उठताच येत नाही.”

मशिनवाल्याने तिच्याकडे पाहिलं, मग वायरीकडे. “त्या रांगेपासून सुरुवात करतो,” तो म्हणाला. “तुमचं शेवटी. पण तिथून इथवर यायला मला फार वेळ लागत नाही, आधीच सांगतो.”

तो खरंच फार वेळ लावत नव्हता. एकेक पडदा काळा होत होता. चार वीसला समोरची रांग गेली. चार बत्तीसला नकाशेवालीचं मशीन गेलं, ती खुर्ची ओढून मावशीशेजारी येऊन बसली आणि प्रमुखाला फोन करून म्हणाली, “या. हो, आत्ताच. नाही, मी नाही सांगत, या तुम्ही.”

चार चाळीसला मावशीने कैद्याला दाराशी नेला. नाक गजांत. दारापलीकडे मशालीचा उजेड आणि रिकामी ओसरी. प्रमुख आणि प्रोग्रामर मागे येऊन थांबले. या खेपेला तिने वळून पाहिलं नाही आणि कैद्याला नीटनेटकाही केला नाही.

मशिनवाला शेवटच्या रांगेत पोचला. “मावशी—”

“तोंडातून शब्द काढू नकोस.”

चार पंचेचाळीस झाले. ओसरी रिकामीच. दहा सेकंद. वीस. कोठडीत शिरताना तिने घड्याळ चुकीचं वाचलं असेल का, हे तिच्या मनात येऊन गेलं. मग बुटांचा आवाज आला. जेलर किल्ल्यांचा जुडगा वाजवत आला, कुलूप काढलं, दार उघडलं.

“थांब! पळतोस कुठे?”

पडद्यावर लाल अक्षरं उमटली: पलायनाचा प्रयत्न, सात दिवस. दार बंद.

नकाशेवालीने टाळी वाजवली. मावशीने नियंत्रक टेबलावर ठेवला आणि कोणाशी एक शब्द न बोलता बाथरूमकडे जवळजवळ धावत गेली.

ती परत आली तेव्हा प्रोग्रामर तिच्या खुर्चीत बसून तुरुंगासाठी लिहिलेला स्वतःचा कोड वाचत होता. “आधी दार उघडतो,” तो पुटपुटला, “मग सामान देतो, आणि मग नाव कैद्यांच्या यादीतून काढतो. मधल्या दोन सेकंदांत हा कैदीच असतो. उंबऱ्याला पाय लागला की...” त्याने मान हलवली. “पण दाराला चिकटून कोण उभं राहतं?”

“सगळे,” मावशी म्हणाली. “एकतीस वर्षांत एकच जण राहिला नव्हता.”

“दुरुस्तीला किती वेळ?” प्रमुखाने विचारलं.

“दोन ओळी खालीवर करायच्या. पाच मिनिटं. पण मग तुरुंगाला हात लावला असं होतं. सगळा तुरुंग पुन्हा तपासावा लागेल. चार दिवस.”

प्रमुखाने घड्याळ पाहिलं. यादी बंद व्हायला सहा मिनिटं होती. त्याने मावशीच्या खुर्चीवर वाकून तिच्या नोंदीखाली शेरा टाइप केला: ‘पुन्हा घडते. ग्राह्य. तपास उत्कृष्ट.’ मशिनवाल्याने वायर काढली.

महिनाअखेरीला करार सहा महिन्यांसाठी वाढला. पत्रात ‘आपल्या चिकाटीची व्यवस्थापनाने दखल घेतली आहे’ असं वाक्य होतं. खेळ त्याआधीच, ठरल्या सोमवारी, बाजारात गेला. त्याच्यासोबतच्या माहितीपत्रकात, ज्ञात बाबींच्या यादीत, एकेचाळीसाव्या क्रमांकावर असं छापलेलं आहे: ‘काही विशिष्ट परिस्थितीत कारावासाचा कालावधी खेळाडूस अपेक्षेपेक्षा दीर्घ वाटण्याची शक्यता नाकारता येत नाही.’

कैदी सुटत नाही.