धूरबाईंचा पडदा

पहुरात प्रमिलाबाईंचं घर विचारा, कुणी सांगणार नाही. धूरबाई म्हणा, शेंबडं पोरही दारापर्यंत आणून सोडेल!

हे नाव पडलं त्याला पाव शतक उलटून गेलं. बाईंनी ओसरीत कॉम्प्युटरचा क्लास काढला होता. विंडोज परवडण्यातलं नव्हतं, म्हणून पुण्याहून स्लॅकवेअर नावाच्या लिनक्सची सीडी मागवली आणि उद्घाटनाला अख्खी गल्ली बोलावली. काळ्या पडद्यावरच्या अक्षरांतून चित्रांच्या पडद्यावर जायचं, तर त्या काळच्या लिनक्सला मॉनिटरची फ्रिक्वेन्सी आपणच सांगावी लागे. चुकलात तर मॉनिटर जळेल, असं ते बजावतही असे. बाईंनी घाईघाईत अंदाजे आकडा ठोकला. आत चट्‌ झालं, धूर निघाला, आणि पेढे तसेच राहिले.

दुसरी असती तर क्लास गुंडाळून बसली असती. बाईंनी कुठूनसा जुना मॉनिटर आणला आणि काळ्या पडद्यावरच शिकवायला घेतलं. "चित्रं बघायला टीव्ही आहे ना घरी!" म्हणायच्या. त्या अक्षरांवर शिकलेली पोरं आज कुठं कुठं पोचलीत! कुणी दीपनगरच्या वीज केंद्रात, कुणी सावद्याच्या केळी व्यापाऱ्याकडे, आणि पुनम तर जळगावच्या कॉलेजात कॉम्प्युटर शिकवते. पण चित्रांच्या पडद्याची ती आज्ञा बाईंनी पुन्हा कधी टाइप केली नाही. हातच धजेना.

परवा पुनम आली. बाईंचा जुना कॉम्प्युटर तिनं दुरुस्त करून घेतला होता, त्यावर तीच सीडी चढवली होती, आणि भंगारातून एक जाडजूड काचेचा मॉनिटर हुडकून आणला होता.

"बाई, माझ्या विद्यार्थ्यांना हे चालताना दाखवायचंय. पण आधी तुम्ही चालवा."

"आणि हाही जळला तर? लोक पुन्हा हसतील गं."

"हसू द्या. मी आहे ना."

बाईंनी चष्मा लावला. मॉनिटर वळवला, पदरानं मागची फ्रिक्वेन्सी लिहिलेली पट्टी पुसली आणि या खेपेला आकडे वाचून भरले. त्यांचे यजमान, धुळ्याकडचे कौतिकराव, पाण्याची बादली घेऊन दारात हजर!

"अहो, विजेवर पाणी ओततात का? ठेवा ती खाली," बाई करवादल्या. मग त्यांनी ती आज्ञा टाइप केली आणि डोळे मिटून एंटर दाबला.

पडदा विझला. मग हळूच करड्या ठिपक्यांची जाळी उमटली आणि मधोमध एक काळी फुली. बाकी काही नाही.

कौतिकराव वाकून बघत म्हणाले, "इतलंच शे का? आनि येनासाठे बठ्ठं गाव हासनं?"

"हो, इतकंच. यासाठीच हसलं सगळं गाव," बाई म्हणाल्या. "पण मी आणलं की नाही?" त्यांनी माउसनं ती फुली गरागरा फिरवली, हसल्या, आणि मग डोळ्यांना पदर लावला. केवढा अभिमान दाटून आला होता त्यांना!

जरा वेळानं त्यांनी स्वतःच चित्रांचा पडदा बंद केला. काळ्यावर पांढरी अक्षरं परत आली. बाईंनी खुर्ची पुढे ओढली.

"हं, बोलाव तुझ्या पोरांना. शिकवायचं ते इथूनच."