सन्मानाने सोडता का, साहेब?

आमचे धाकटे दीर पाणीपुरवठ्यात हंगामी पंपचालक. हंगामी म्हणजे कसे, तर लग्न झालं, टक्कल पडलं, मुलगी कॉलेजात गेली, तरी हंगाम काही सरेना!

एकदा पंपाची मोटार गायब झाली. तक्रार केली कोणी? यांनीच. पोलिसांनी धरलं कोणाला? यांनाच! म्हणे, "सगळ्यात आधी तुलाच कसं कळलं?" पंप चालवणाऱ्याला नाही कळणार, तर काय शेजारणीला कळणार?

खटला रखडत चालला. साक्षीला खात्यातून कुणी फिरकलंच नाही, तेव्हा कोर्टाने पुराव्याअभावी सोडून दिलं. भाऊजी परत कामावर गेले, तर मोटार जागच्या जागी! मोठे साहेब हसून म्हणाले, "अरे हो, दुरुस्तीला पाठवली होती. सांगायचं राहूनच गेलं." साहेब मोठे, विसरही तेवढाच मोठा.

पुढे हंगामी लोकांना कायम करायचं निघालं. या खेपेला राहिले, की पेन्शनच्या नावाने आंघोळ. भाऊजी हेडक्लार्ककडे गेले. तो म्हणतो, "निर्दोष सुटलात हो, पण सन्मानाने नाही सुटलात! नुसतं पुराव्याअभावी सुटलेल्याला कायम करता येत नाही."

आमचं भोळं ध्यान थेट कोर्टात. "साहेब, मला जरा सन्मानाने सोडता का?"

तिथला कारकून म्हणाला, "सोडू की. आधी परत पकडून या."

घरी येऊन पंख्याकडे बघत बसले. जाऊबाई तर रडायच्याच बाकी. म्हटलं, "उठा भाऊजी, चपला घाला. उद्या मी येते."

दुसऱ्या दिवशी मी हेडक्लार्कच्या टेबलासमोर खुर्ची ओढून बसले. कुणी बस म्हणायची वाट बघितली, तर आपणही हंगामीच व्हायचो.

"चोरीची मोटार कुठे आहे हो?"

"पंपावर."

"चालवतं कोण?"

"हेच की."

"अगंबाई! म्हणजे चोराच्या हाती चोरीचा माल तुम्हीच दिलात? आणि त्याच पाण्याने साहेब आंघोळ करतात? पोलिसांना कळवायला हवं बाई."

"वहिनी, हळू बोला ना!" भाऊजी माझा पदर ओढतायत.

"हळू कशाला? मोटार दुरुस्तीला गेली होती, एवढं साहेबांनी लिहून द्यावं. नाहीतर मी सगळ्यांना मोठ्याने सांगते."

हेडक्लार्क उठून आत गेला. आत बराच वेळ कुजबुज. साहेबांना सगळं लख्ख आठवलं, अगदी मोटार कुठल्या टेम्पोतून नेली तेसुद्धा! लगेच लिहूनही दिलं.

महिन्याभरात आदेश आला. जाऊबाईंनी डोळे पुसले. मी चष्मा लावून मोठ्याने वाचला: "सदर कर्मचाऱ्यास पुढील आदेश होईपर्यंत कायम करण्यात येत आहे."

"पुढील आदेश होईपर्यंत कायम? हे कसलं हो कायम?"

भाऊजींनी कागद हातातून काढून घेतला. "वहिनी, 'कायम' लिहिलंय ना? मग बाकीचं वाचायला तुम्हाला सांगितलंय कुणी?"