पितळी पेला

त्या रविवारी चटईवर मी एकटीच होते. तरी पाळकसाहेबांनी माझ्यासाठी दुसरा पेला काढला.

प्रभुभोजनाचा रविवार, भाकर आणि द्राक्षरस वाटण्याचा. नंदुरबारच्या आमच्या जुन्या देवळात पुढे बाकं, मागे चटई. बाकांवर मास्तर, नर्सबाई, कंपाउंडर आणि त्यांची घरची माणसं. चटईवर आम्ही, सातपुड्यातून उतरलेले भिल्ल ख्रिस्ती. चांदीचा पेला बाकांवर फिरायचा. सगळे त्यालाच ओठ लावायचे. आमच्यासाठी वेगळा, पितळी. का, असं मी एकदा विचारलं होतं. "तुम्ही पुष्कळ जण असता, एका पेल्यात पुरत नाही," असं पाळकसाहेबांनी सांगितलं. मला ते पटलं. पटवून घेतलं म्हणा.

होळीच्या सुमाराला आमची माणसं मोहाची फुलं वेचायला डोंगरात जातात. मी मिशनच्या दवाखान्यात आया, मला रजा नाही. असती तरी जाणार कुठे? आई वारलेली. गावाच्या लेखी मी बाटलेली. माझं म्हणावं असं हे देऊळच तेवढं होतं.

ते बांधलं तेव्हा आई तरुण होती. आखणी गोऱ्या मिशनरी साहेबाची, पण जमिनीचा चुना आमच्या बायकांनी धोपटला. तेव्हा बाकं नव्हती, साहेबही खालीच बसायचा आणि एकच पेला फिरायचा, असं आई सांगायची. पुढे देश स्वतंत्र झाला, साहेब मायदेशी गेला. मग बाकं आली. त्यांच्या मागोमाग दुसरा पेला आला. स्वातंत्र्यातून आमच्या वाट्याला आलं ते हे.

पाळकसाहेब चटईपाशी आले. पितळी पेल्यात घोटभर द्राक्षरस. चांदीचा तिकडे मेजावर, अजून अर्धा भरलेला. माझ्या अंगाची आग झाली.

"माले तो पेला द्या," मी म्हटलं.

"अगं, दोन्हींत एकच रस आहे."

"मंग तोच द्या."

बाकांवरच्या माना वळल्या. त्यांतल्या नर्सबाईंच्या हाताखाली मी रोज राबत होते. वाटलं, एखादी तरी म्हणेल, द्या तिला. माना पुन्हा पुढे वळल्या.

पाळकसाहेब खालच्या आवाजात म्हणाले, "मग लोक त्या पेल्याला तोंड लावणार नाहीत."

खरं बोलले बिचारे, त्या दिवशी पहिल्यांदा.

मी उठले आणि पुढच्या बाकाच्या टोकाला जाऊन बसले. कंपाउंडरची बायको मुलांना घेऊन दुसरीकडे गेली. सबंध बाकावर मी एकटी. प्रार्थना संपली, माझ्याकडे न बघता सगळे निघून गेले. खोलीवर येऊन खूप रडले, खोटं कशाला सांगू.

आमची माणसं परतली. मला वाटलं, ती तरी येतील शेजारी. चटईवरची एक म्हातारी म्हणाली, "कशाले भांडस, पोरी? आपली चटई बरी शे." तेव्हापासून चटईवरही माझ्याशी कोणी मोकळं बोलत नाही.

तरी दर रविवारी मी त्या बाकावर बसते. चांदीचा पेला मला वगळून पुढे जातो. पितळी येतो. मी तोंड मिटून घेते. पाळकसाहेब तो भरलेलाच परत नेतात.

हे देऊळ मी सोडणार नाही. तो पितळी पेला घेणार नाही. पिईन तर चांदीच्याच पेल्यातून. माझ्यामागून ज्याला चांदीच्या पेल्याला ओठ लावायचे नसतील, त्याने तहानलेलं घरी जावं.